नोंद नसलेला खेळ

ग्राफिक्स कार्डासोबत एक सॉफ्टवेअर येतं. कार्ड एनव्हिडियाचं असेल तर एनव्हिडिया ॲप, एएमडीचं असेल तर अ‍ॅड्रेनालिन. पहिल्यांदा उघडलं की ते संगणक धुंडाळतं आणि सापडलेल्या खेळांची यादी समोर मांडतं. स्टीमवरून किंवा एपिकवरून घेतलेले खेळ या यादीत आपोआप येतात, कारण आपण कुठे काय ठेवलं याची खूण हे विक्रेते संगणकावर सोडून जातात. मित्राने झिप करून दिलेला त्याचा स्वतःचा खेळ, जुन्या सीडीवरून चढवलेला खेळ, एखादा इम्युलेटर, असं काही असेल तर मात्र यादीत त्याचा पत्ता नसतो. मग तीन टिंबांचा मेनू उघडून तो हाताने जोडावा लागतो.

काम दोन मिनिटांचं आहे. तरी मला ते लेखाच्या लायकीचं वाटतं, कारण आपल्या यंत्रावर कोणता प्रोग्रॅम ओळखीचा मानायचा आणि कोणता परका, हे कुठेतरी दूर बसलेल्या माणसांनी आधीच ठरवलेलं असतं, आणि ते बदलायची मुभा या दोन मिनिटांत आहे. मुळशी तालुक्यात हा विषय फार जवळून दिसतो. हिंजवडीचं आयटी पार्क याच तालुक्यात आणि ताम्हिणी घाटाच्या अलीकडच्या वाड्याही याच तालुक्यात. सॉफ्टवेअर लिहिणारे आणि जुना लॅपटॉप घेऊन त्याच्याशी झगडणारे एकाच तहसील कार्यालयात दाखले काढायला येतात.

म्हणून हा वाद दोघांच्या तोंडी देतो. मामांचं पिरंगुटला संगणक दुरुस्तीचं दुकान आहे. भाची हिंजवडीत सॉफ्टवेअर तपासणीचं काम करते आणि सुट्टीच्या दिवशी माण-घोटावड्याच्या रस्त्याने दुकानावर येते. हे दोघे आणि त्यांच्या बोलण्यात येणारा पौडचा मुलगा ही पात्रं मी उभी केली आहेत. त्यांनी सांगितलेला इतिहास आणि तांत्रिक माहिती खरी आहे.

भाची : मामा, त्या पोराला तुम्ही ईएक्सई, म्हणजे खेळ चालवणारी फाइल, शोधून हाताने खेळ जोडायला शिकवलंत म्हणे. मला हे पटत नाही. सॉफ्टवेअरला खेळ सापडला नाही, तर चूक सॉफ्टवेअरची नाहीतर खेळ बनवणाऱ्याची. वापरणाऱ्याने फोल्डर का उपसत बसायचं?

मामा : कारण त्याला आज चालवायचाय. आणि बनवणारा तोच आहे. पौडचा पोरगा, इंजिनिअरिंगला आहे. मुळशी धरणाविरुद्धच्या १९२१ च्या सत्याग्रहावर त्याने खेळ केलाय. धरणाचं काम चाललंय, सेनापती बापट आणि भुस्कुटे गावोगाव फिरताहेत, आणि खेळणाऱ्याने लोक जमवायचे. स्वतः सी प्लस प्लसमध्ये लिहिलाय सगळा. तो खेळ त्याच्याच लॅपटॉपवर अडखळत होता. बापाला वाटलं, जुना लॅपटॉप घेतला तोच खराब निघाला, परत करून टाकू.

भाची : आणि निघालं काय?

मामा : आत दोन ग्राफिक्स चिप. एक प्रोसेसरमधली, वीज वाचवणारी. दुसरी एनव्हिडियाची, ताकदीची. ताकदीची नुसती बसून होती. खेळाचा सगळा भार धाकटीवर. का, तर खेळाचं नाव कुणाच्या यादीत नाही.

भाची : ते ऑप्टिमस. २०१० पासून लॅपटॉपमध्ये आहे. बॅटरी टिकावी म्हणून मोठी चिप झोपवून ठेवायची आणि ड्रायव्हरला, म्हणजे चिप चालवणाऱ्या सॉफ्टवेअरला, ओळखीचा प्रोग्रॅम दिसला की तिला उठवायचं. कल्पना चांगलीच आहे. पण मामा, तुम्ही तो नुसता एनव्हिडिया ॲपमध्ये जोडून भागलं का? खरं सांगा.

मामा : नाही भागलं. विंडोजमध्येही जोडावा लागला. सेटिंग्ज, सिस्टिम, डिस्प्ले, ग्राफिक्स. तिथे ईएक्सई दाखवायची आणि ‘हाय परफॉर्मन्स’ निवडायचं.

भाची : तेच म्हणतेय. विंडोज १० च्या एप्रिल २०१८ च्या अपडेटपासून कोणती चिप वापरायची ही निवड विंडोजनेच आपल्याकडे घेतली. तिथे सांगितलेलं ड्रायव्हरच्या पॅनलवर मात करतं. म्हणजे एकाच गोष्टीसाठी दोन कारभारी. सामान्य माणसाने हे कुठून जाणायचं?

मामा : माझ्याकडून. त्यासाठीच दुकान आहे.

इथे मामांच्या बाजूने थोडं सविस्तर सांगायला हवं, कारण हाताने जोडणारे बहुतेक जण चुकतात ते फाइल निवडताना. अनरील इंजिनवर बनवलेला खेळ उघडला तर वरच्याच फोल्डरमध्ये त्याच्या नावाची एक छोटी ईएक्सई दिसते. ती फक्त दार उघडणारी. खरा खेळ आत, ‘बायनरीज’ आणि त्यातल्या ‘विन६४’ या फोल्डरमध्ये असतो, आणि त्याच्या नावाच्या शेवटी सहसा ‘शिपिंग’ असं लागलेलं असतं. सेटिंग लावायचं ते त्या आतल्या फाइलला. युनिटीच्या खेळात मुख्य ईएक्सई वरच असते, पण शेजारीच ‘क्रॅश हँडलर’ नावाची दुसरी असते आणि घाईत तीच निवडली जाते. माइनक्राफ्टची जावा आवृत्ती तर स्वतःच्या नावाने चालतच नाही. चालते ती ‘जावाडब्ल्यू’ नावाची फाइल, आणि जोडायची तीच. यावर मामांची रीत सरळ आहे. खेळ आधी चालू करायचा, टास्क मॅनेजरमध्ये ‘डीटेल्स’ उघडायचं, प्रोसेसर आणि मेमरी कोण खातंय ते बघायचं आणि त्यावर उजवी कळ दाबून फाइलची जागा उघडायची. अंदाज बांधायची गरजच उरत नाही.

भाची : रीत चांगली आहे. पण मुळातच हे नावावरून ओळखणं किती कच्चं आहे, ते तुम्हाला ठाऊक असेलच. २००१ मध्ये एटीआयचं रेडिऑन ८५०० आलं तेव्हाची गोष्ट. तेव्हा सगळे कार्ड तपासायचे ते क्वेक ३ या खेळावर. परीक्षकांनी एक साधी गोष्ट केली. खेळाच्या फाइलमध्ये जिथे ‘क्वेक’ होतं तिथे ‘क्वॅक’ केलं. खेळ तोच, कार्ड तेच. तरी वेग कमी झाला आणि चित्र सुधारलं.

मामा : म्हणजे ड्रायव्हर ‘क्वेक’ हे नाव बघून चित्राचा दर्जा उतरवत होता आणि वेग वाढवत होता.

भाची : कंपनीने ते खेळासाठी केलेलं सुधारकाम म्हणून मांडलं. पुढच्या ड्रायव्हरमध्ये चित्र नीट झालं आणि वेगही बराचसा राहिला. २००६ मध्ये एएमडीने एटीआय विकत घेतली. पण नाव बघून वागणूक ठरवायची पद्धत तशीच आहे, सगळ्याच कंपन्यांची. त्या पोराच्या फाइलचं नाव काय आहे?

मामा : ‘गेम’. नुसतं ‘गेम डॉट ईएक्सई’.

भाची : बघा! त्या नावाचे जगात किती खेळ असतील! दुसऱ्याच कुणासाठी लिहिलेलं सेटिंग याच्या खेळाला लागू शकतं. आधी त्याला नाव बदलायला सांगा.

मामा : सांगतो. पण तू जे म्हणतेस त्याने माझीच बाजू भक्कम होते. ओळख नावावर चालते ना? मग ज्याचं नाव कुणी लिहिलं नाही त्याचं नाव आपण लिहायचं. ई-पीक पाहणी बघ. २०२१ पासून शेतकरी आपल्या मोबाइलवरून आपल्या पिकाची नोंद स्वतः करतो. आधी तलाठी कधी बांधावर येतो याची वाट बघायची. आता रानात उभं राहून फोटो काढायचा. पीक काय आहे हे कसणाऱ्याइतकं कुणाला ठाऊक?

भाची : मामा, नोंद झाली म्हणून पीक वाढत नाही.

मामा : वाढत नाही. पण नुकसान झालं की पंचनाम्यात नाव असतं.

भाची : बरं, मग ही नोंद केल्याने नेमकं काय मिळतं, ते त्या पोराला सांगितलंत का? मला भीती त्याचीच आहे. मुलं खेळ जोडतात आणि ‘ऑप्टिमाइझ’चं बटण शोधत बसतात. ते बटण कशावर चालतं? कंपनी आपल्या प्रयोगशाळेत वेगवेगळी कार्डं, वेगवेगळे प्रोसेसर आणि पडद्याचे आकार घेऊन ठराविक खेळ तपासते, त्यांची योग्य सेटिंग्ज ठरवते आणि तुमच्या यंत्राशी जुळणारी पाठवते. तपासलेल्या खेळांनाच ती सोय. हाताने जोडलेल्या खेळाला ती येणार कुठून? डीएलएसएसचं, म्हणजे कमी पिक्सेलांवरून मोठं चित्र रचणाऱ्या तंत्राचं, तेच. जानेवारी २०२५ मध्ये ॲपमधून डीएलएसएसची नवी आवृत्ती जुन्या खेळांना लावायची सोय आली, तीही कंपनीने मान्य केलेल्या खेळांपुरती.

मामा : हे मी सांगतोच. जोडल्याने खेळ हुशार होत नाही. पण माझ्या हातात त्याची स्वतंत्र पाटी येते. फ्रेम पडद्याशी जुळवणारं व्ही-सिंक, वीज किती खायची, सेकंदाला जास्तीत जास्त किती फ्रेम, हे त्या एका खेळापुरतं ठरवता येतं. बाकीच्या संगणकाला हात लागत नाही. तू ‘ग्लोबल सेटिंग’ बदला म्हणशील, तर त्याने सगळेच प्रोग्रॅम बदलतात.

भाची : मी काहीच बदलू नका म्हणते. ड्रायव्हरच्या मूळ सेटिंगवर सोडा.

मामा : सोडलं होतं. ऐक. मोठ्या चिपवर खेळ सुरू झाल्यावर पंखा एवढा ओरडायला लागला की बाप दचकला. बघतो तर मेनू उघडा आहे. एक चित्र, तीन बटणं, काही हलत नाही. आणि चिप सेकंदाला शेकडो फ्रेम काढतेय. पडदा ६० हर्ट्झचा, म्हणजे तो सेकंदाला ६० वेळाच बदलणार. उरलेलं सगळं काम वाया, त्याची नुसती उष्णता. ‘मॅक्स फ्रेम रेट’ ६० वर आणला, पंखा गप्प.

ही सोय एनव्हिडियाने जानेवारी २०२० मध्ये ड्रायव्हरच्या पॅनलमध्ये आणली. एएमडीच्या अ‍ॅड्रेनालिनमध्ये ‘चिल’ नावाचं सेटिंग आहे. त्यात किमान आणि कमाल फ्रेम ठरवता येतात आणि खेळणारा काही हालचाल करत नसेल तर कार्ड आपोआप खाली येतं. माझ्या मते खेळ हाताने जोडण्याचं सगळ्यात मोठं कारण हेच, आणि त्याची चर्चा सगळ्यात कमी होते. वेग वाढवण्याच्या नादात लोक जोडतात आणि वेगाला लगाम घालायची सोय तिथेच असते हे बघत नाहीत. मुळशी धरणाचं पाणी सह्याद्री उतरून भिऱ्याला जातं, १९२७ पासून तिथे मुंबईसाठी वीज तयार होते, आणि याच तालुक्यातल्या पोराला पावसाळ्यात दिवे गेल्यावर लॅपटॉपच्या बॅटरीवरच काम करावं लागतं. त्याच्यासाठी तो ६० चा आकडा मोलाचा आहे.

भाची : हे मान्य. पण फ्रेमला लगाम घालायचं काम खेळात असायला हवं. व्ही-सिंक चालू करायला त्याला एक ओळ लिहावी लागते. तुम्ही बाहेरून दुरुस्त करता, म्हणून आतली चूक तशीच राहते. आणि बाहेरून हात घालणं नेहमी निरुपद्रवी नसतं. ऑक्टोबर २०२३ आठवतो? एएमडीने काउंटर-स्ट्राइक २ साठी अँटी-लॅग प्लस आणलं, खेळ आणि माउस यांच्यातला उशीर कमी करायला. ड्रायव्हर त्यासाठी थेट खेळाच्या आत शिरत होता. त्या खेळाच्या फसवणूकविरोधी व्यवस्थेला वाटलं, कुणी तरी खेळाशी छेडछाड करतंय. लोकांची खाती बंद झाली. एएमडीला तो ड्रायव्हर मागे घ्यावा लागला.

मामा : ते मी वाचलं होतं. ज्यांची खाती गेली त्यांनी काही चुकीचं केलं नव्हतं बिचाऱ्यांनी.

भाची : तेच तर! आणि डिसेंबर २०२४ मध्ये एनव्हिडिया ॲपचं. गेम फिल्टर आणि फोटो मोडची सोय मुळातच चालू ठेवलेली होती. फिल्टर कुणी वापरत नसलं तरी काही खेळ हळू होत होते. कंपनीलाच सांगावं लागलं की तात्पुरतं ते बंद करा. म्हणून म्हणते, हे सॉफ्टवेअर जितक्या कमी खेळांत शिरेल तितकं बरं. तुम्ही मात्र बोलावून आणता.

मामा : मी बोलावतो, पण कुठल्या खोलीत बसायचं ते सांगून. खेळावर चढणारा ओव्हरले बंद करतो. ऑनलाइन, स्पर्धेच्या खेळांना मी हात लावत नाही. आणि आपोआप सापडलेल्या खेळांवर ते काय करतं याची तर पोरांना कल्पनाच नसते. जो हाताने जोडतो त्याला निदान आपण काय केलं हे कळतं. एनव्हिडियाच्याच आधीच्या जीफोर्स एक्सपीरियन्समध्ये २०१६ पासून खातं काढल्याशिवाय आत पाऊल टाकता येत नव्हतं. नव्या ॲपमध्ये ती सक्ती गेली, हे एक बरं झालं.

भाची : एक गोष्ट तुम्ही टाळताय. दुकानात येणाऱ्या ‘न सापडणाऱ्या’ खेळांत चोरीचे किती असतात? क्रॅक केलेली ईएक्सई, बदललेलं नाव. सॉफ्टवेअरला सापडत नाही ते योग्यच आहे. तुम्ही त्याला हाताने आत घेता.

मामा : टाळत नाही. असे खेळ येतात. मी जोडून देत नाही, आणि का ते पण सांगतो. ज्या फाइलने अँटिव्हायरस बंद करायला सांगितलं, तिला तू घरची किल्ली दिलीस. पण चार पोरं चोरीचा खेळ आणतात म्हणून पाचव्याला, ज्याने स्वतः लिहिलाय, त्यालाही दारातच उभं करायचं का?

मामांचं हे उत्तर मला पटतं. भाचीचा मुद्दाही मी सोडणार नाही, कारण यादीत नसलेला खेळ आणि परवाना नसलेला खेळ यांतला फरक तरुण मुलांच्या मनात फार पुसट असतो. हाताने जोडायला शिकवणाऱ्याने फाइल कुठून आली हा प्रश्न आधी विचारला पाहिजे.

भाची : त्याने रीतसर मार्ग का धरू नये? आपल्या पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी’ बघा. २०२० मध्ये आला. द गेम अवॉर्ड्समध्ये पदार्पणाच्या स्वतंत्र खेळांत त्याला नामांकन होतं. स्टीमवर आहे. तो कुणाला हाताने जोडावा लागत नाही.

मामा : आणि स्टीमवर येण्याआधी तो कुठे होता? कुणाच्या तरी डेस्कटॉपवर एका फोल्डरमध्येच ना! स्टीमवर एक खेळ ठेवायला १०० डॉलर भरावे लागतात. पौडच्या पोराने ते कॉलेजच्या प्रोजेक्टसाठी भरायचे? त्याचा खेळ पेनड्राइव्हवरून फिरणार. त्याच्या आजोळचं गाव धरणात गेलं, ती गोष्ट त्याला मित्रांना दाखवायचीय. ज्याच्या ज्याच्या लॅपटॉपवर तो जाईल, तिथे तो अनोळखीच असणार.

भाची : म्हणूनच तर मी म्हणते, मामा! तुम्ही एका लॅपटॉपवर जोडाल. दहाव्यावर कोण जोडेल? पेनड्राइव्हवरून जाणारा खेळ असेल तर दुरुस्ती खेळातच हवी. याला रस्ता आहे. ईएक्सईमधून दोन चलं बाहेर दिसतील अशी ठेवायची. एनव्हिडियासाठी ‘एनव्ही ऑप्टिमस एनेबलमेंट’ आणि एएमडीसाठी ‘एएमडी पॉवर एक्सप्रेस रिक्वेस्ट हाय परफॉर्मन्स’. दोन्हींची किंमत १. ड्रायव्हर ती बघतो आणि मोठी चिप देतो. नावाची यादी लागत नाही, ॲप लागत नाही.

मामा : दोन ओळींत?

भाची : दोन ओळींत. फक्त त्या ईएक्सईमध्येच हव्यात. डीएलएलमध्ये, म्हणजे शेजारच्या मदतनीस फाइलमध्ये, ठेवल्या तर उपयोग नाही, आणि तिथेच पोरं चुकतात. तयार इंजिनं बहुधा हे स्वतःच करून ठेवतात. याने सगळं हाताने लिहिलं म्हणून राहिलं. त्याला कुणी सांगितलं नाही, एवढंच.

मामा : हे मला माहीत नव्हतं.

भाची : आणि मला ते ६० फ्रेमचं सुचलं नसतं. मी टेबलावरच्या मशीनवर तपासते. तिथे पंखा किती ओरडतो, बॅटरी किती उरली, हे कुणी बघत नाही.

मामा : पण तरी सांगतो, जुन्या सीडीवरच्या खेळात या दोन ओळी कोण घालणार? ते बनवणारी कंपनीसुद्धा आता नसेल. तिथे हातानेच.

भाची : तिथे हातानेच, मान्य. जिथे बनवणारा समोर बसलाय तिथे नाही.

मामा : मग रविवारी बोलावतो त्याला. तू ये, ओळी घालून घे.

भाची : येते. पण त्याआधी तुम्ही केलेली जोडणी काढून टाका. विंडोजमधली आणि ॲपमधली, दोन्ही. ती राहिली तर मोठी चिप तुमच्या सेटिंगमुळे लागली की त्याच्या ओळींमुळे, हे कळणारच नाही.

मामा : त्याचा लॅपटॉप नकोच. मागच्या फळीवर एक पडलाय, दोन चिपवाला, गिऱ्हाईकाने विकायला ठेवलेला. त्यावर मी अजून काहीच जोडलेलं नाही. खेळ पेनड्राइव्हवरून त्याच्यावर टाकू आणि टास्क मॅनेजरमध्ये कोणती चिप वर जाते ते बघू.

भाची : एएमडीचा एखादा आहे का?

मामा : बघतो. नसेल तर घोटावड्याच्या मित्राचा आणतो.